कंस शेवटी

टाळ वाजू नयेत म्हणून सुलक्षणाने ते लोकरीच्या मोज्यांत घालून ठेवले होते. एका मोज्यात एक, दुसऱ्यात दुसरा आणि मधली दोरी बाहेर लोंबणारी. त्याआधी, खाली उतरल्यावर तिसऱ्या दिवशी, पिशवीच्या तळाशी तिचा हात गेला आणि ते किणकिणले. तेवढ्यानेसुद्धा समोरच्या पडद्यावर लाल रेघ उमटली. खाली वेळ, आणि त्याखाली सूचना : केंद्रात अनावश्यक ध्वनी.

टाळ अण्णांचे होते. वडिलांशिवाय दुसरं कोण ठेवणार? निघायच्या दिवशी दारात दोघांचं कडाक्याचं भांडण झालं होतं. टाळ भांडणाआधी पिशवीत घातले की नंतर, एवढंच तिला कळत नव्हतं. आणि बरं का, त्या एका गोष्टीवर पुष्कळ काही अवलंबून होतं.

'श्रवण-तीन' हे केंद्र अरबी समुद्राच्या तळाशी होतं. पाण्याखालच्या डोंगररांगेच्या एका पायरीवर, पृष्ठभागापासून दोन हजार चारशे मीटर खोल. दोन माणसांची जागा, पण दुसऱ्या माणसाच्या बिछान्यावर आता बॅटऱ्या रचलेल्या. खडक फुटण्याआधी कण्हतो, त्याचं कण्हणं ऐकून किनाऱ्याला आधी सावध करायचं, एवढ्यासाठी ते बांधलेलं. खडकात पुरलेले चौसष्ट कान होते. तळातल्या गरम झऱ्यांमुळे त्यांच्यावर रोज खनिजाची साय धरायची. ती यांत्रिक हाताने हळुवार खरवडून काढायला माणूस लागे. यंत्राला साय कुठे संपते आणि कान कुठे सुरू होतो ते कळत नसे. मे महिन्याच्या मध्यापासून ते माणूस म्हणजे सुलक्षणा घाग, वय एकोणचाळीस, मुक्काम देवरुख, जिल्हा रत्नागिरी.

पाण्यातून रेडिओ जात नाही. केबल टाकून पाहिली होती. दोन वर्षांत तीनदा तुटली, तेव्हा नाद सोडला. राहता राहिला आवाज. आवाज पाण्यातून छान जातो, हवेतल्यापेक्षा चौपट वेगाने. केंद्रातून निघालेला शब्द दीड सेकंदात वर तरंगणाऱ्या बोयापर्यंत पोचे, तिथून उपग्रहाकडे, तिथून रत्नागिरीच्या कचेरीत. अडचण एकच. केंद्र तिथे बसलं होतं ते ऐकायला, आणि ऐकणाऱ्याने बोलायचं नसतं. म्हणून रोज दुपारी चार वाजता फक्त चाळीस सेकंद बोलण्याची परवानगी. त्यात यंत्रांच्या नोंदी जाऊन घरच्यांच्या वाट्याला वीस-पंचवीस शब्द उरायचे.

माणसं काही पंचवीस शब्दांत बोलत नाहीत. म्हणून कढई.

बोयावर बसवलेल्या त्या यंत्राचं खरं नाव लांबलचक होतं, पण कचेरीत सगळे कढईच म्हणायचे. दूध आटवावं तसं ती बोलणं आटवायची. सुलक्षणा खाली जायच्या आधी कचेरीत घरच्यांसाठी एक दिवस ठेवला होता, तेव्हा तिथला अभियंता इम्रान मुकादम याने अण्णांना ती समजावून सांगितली.

"गुरुजी, तुमचाच विषय आहे हा," तो म्हणाला. "प्रत्येक वाक्य म्हणजे एक पद. पोरीला जवळ बोलावणारं वाक्य असलं तर अधिक, दूर लोटणारं असलं तर उणे. मग सरूप पदं एकत्र करायची. तुम्ही चारदा 'जेव' म्हणालात, तर आम्ही 'जेव ४' पाठवणार. एकदा 'ये' आणि एकदा 'नको येऊस' म्हणालात, तर गेली उडून दोन्ही. उरेल ते अतिसंक्षिप्त रूप."

शांताराम घाग गुरुजींनी चौतीस वर्षं हायस्कुलात गणित शिकवलं होतं. वय अठ्ठ्याहत्तर. उजवा कान पूर्ण गेलेला, डावा निघायच्या तयारीत. डॉक्टर म्हणाले होते, येत्या पौषापर्यंत टिकेल, पुढे यंत्र लावून नुसती गुणगुण कळेल. गुरुजींनी डावा कान पुढे केला आणि विचारलं, "क्रम पाळतं का हे? कंचेभागुबेव?"

"पाळतं की. कंस आधी. चे, भागाकार, गुणाकार आणि मग बेरीज-वजाबाकी."

"बेरीज-वजाबाकी डावीकडून उजवीकडे हो. 'बे' आधी येतो म्हणून बेरीज आधी करणारी कार्टी असतात."

"गुरुजी, मी तुमच्याच वर्गात होतो. मला बाकावर उभं केलं होतंत त्यासाठी."

अण्णा हसले. मग म्हणाले, "मुकादम, आमचे बुवा कीर्तनात एक चरण दहा वेळा घेतात. त्याचं काय करेल ही तुमची कढई?"

"दहा गुणिले चरण. माहिती तीच की."

"माहिती तीच," अण्णा म्हणाले. "पण दहाही वेळा ते एकच नसतं."

अण्णा देवरुखच्या विठ्ठल मंदिरात बुवांच्या मागे टाळ घेऊन उभे राहायचे. चाळीस वर्षं. आईसुद्धा बायकांच्या रांगेत खांबाला टेकून बसायची. ती गेल्यापासून अण्णा घरी आले की आख्यान जसंच्या तसं सुलक्षणाला ऐकवायचे, मध्येच गाऊन, मध्येच रडून, आणि तेच तेच तीनदा. सुलक्षणाला कधी कधी कंटाळा यायचा. तळाशी गेल्यावर तिला तोच कंटाळा हवासा वाटू लागला.

पहिले दोन महिने संदेश आले ते वाचून ती एकटीच हसायची.

'जेव ४. झोप २. टाळ सापडले का ३. विठ्ठल १०८.'

एकशे आठ! अण्णांनी मंदिरातला अख्खा नामगजर यंत्रापुढे म्हटला असणार, घाम पुसत, घसा बसेपर्यंत. आणि कढईने त्याचं एक नाव आणि एक आकडा केला होता. सुलक्षणा ते नाव मनातल्या मनात एकशे आठ वेळा म्हणायला बसली. चाळिसाव्याला मोजणी चुकली. पुन्हा पहिल्यापासून म्हणायला तोंड उघडून चालणार नव्हतं. ओठ हलवले तरी श्वास वाजायचा.

आषाढ लागला. वर ढग असणार, पाऊस असणार, तिला तळाशी त्याचं काहीच नव्हतं. खाली उजाडतही नाही, मावळतही नाही. फक्त एक फरक पडला. संदेश कोरडे होत गेले. 'जेव १.' मग 'बरं आहे.' मग श्रावणात एक दिवस चार वाजले, पडदा उजळला, वडिलांचं नाव आलं, आणि नावाखाली काहीच नव्हतं.

दुसऱ्या दिवशीही काही नाही. तिसऱ्या दिवशीही नाही.

अण्णा रुसले, असं तिने धरलं. रुसायला त्यांच्याकडे कारण होतं. दारात गाडी उभी असताना तेच म्हणाले होते, "जा. तिकडेच राहा. मला तुझी गरज नाही. तुझ्यावाचून घर बरं चालेल." आणि ती म्हणाली होती, "चालू दे." पुढे रत्नागिरीपर्यंत दोन तास ती खिडकीबाहेर बघत होती आणि तिला काहीही दिसलं नव्हतं.

भाद्रपद असाच गेला. अधूनमधून एखादा शब्द, मग पुन्हा कोरे दिवस. तीसेक तरी असतील. या दिवसांत सुलक्षणा चौसष्ट कान साफ करायची, भात शिजवायची, मोज्यातले टाळ मांडीवर घेऊन बसायची. खडक कण्हला की पडद्यावर हिरवी रेघ थरथरायची. समुद्राचं इतकं बारीक ऐकणारी जागा पृथ्वीवर दुसरी नव्हती. आणि तिथे तिला घरचं एक अक्षर ऐकू येत नव्हतं.

आश्विनात कचेरीचा मुदतवाढीचा अर्ज आला. दिवाळीआधी माणसांना वर नेणारी पाणबुडी येणार होती. त्यानंतरची थेट पुढच्या मे महिन्यात, सात महिन्यांनी. मधल्या काळात बदली माणूस मिळत नव्हता, म्हणून तिने राहावं अशी विनंती होती. शुक्रवारी दुपारी चारच्या संदेशात उत्तर द्यायचं. राहिली, तर पौष इथेच उलटणार. परत जाईल तेव्हा अण्णांच्या समोर उभं राहून ती काहीही बोलली तरी त्यांना नुसती गुणगुण.

तिने अण्णांना विचारलं. 'राहू की येऊ?' एवढंच. उत्तर गुरुवारी आलं.

'तिकडे राहू नकोस. मला तुझी गरज नाही. घर तुझ्यावाचून बरं चाललंय.'

तिने ते तीनदा वाचलं. तिकडेही राहू नकोस आणि इथेही नको. म्हणजे कुठे जायचं माणसाने? मग हळूहळू राग आला, आणि रागाने थोडं बरं वाटलं. रागात निदान सोबत असते.

शुक्रवारी सकाळी तिने अर्ज भरायला घेतला. मुदतवाढ : होय. कारण : घरी अडचण नाही. शेवटचा रकाना होता कुटुंबाच्या संमतीचा, त्यात संमतीच्या संदेशाचा क्रमांक लिहायचा. क्रमांक संदेशावर नसायचा. संदेश बोटाने खाली ओढला की एक बारीक करडी ओळ उघडायची, तिच्यात तो असे. ती ओळ कोणी बघत नसे. तिनेही पाच महिन्यांत बघितली नव्हती.

तिने संदेश खाली ओढला.

'क्रमांक १४७. मूळ पदे ३. कंस १. ताळा अधिक ३. फरक ४. मान्य फरक ५ पर्यंत.'

ताळा म्हणजे काय, हे घाग गुरुजींच्या मुलीला कोणी सांगायला नको होतं. मूळ बोलणं बोयाकडे पाठवायच्या आधी किनाऱ्यावरच त्याची बेरीज मांडून ठेवायचे. जवळ बोलावणाऱ्या वाक्याला अधिक एक, दूर लोटणाऱ्याला उणे एक. आटवून उरलेल्या बोलण्याची बेरीज तेवढीच यायला हवी. सोपं रूप दिलं म्हणून किंमत बदलत नाही. बदलली तर सोपं रूप चुकलं.

तिने आलेल्या संदेशाची बेरीज केली. तिकडे राहू नकोस, अधिक एक. गरज नाही, उणे एक. बरं चाललंय, उणे एक. झाले उणे एक. आणि मूळ बोलण्याचा ताळा अधिक तीन. चाराचा फरक. कचेरीने पाचापर्यंत माफी दिली होती, म्हणून कोणाचंही लक्ष गेलं नव्हतं.

तिच्या कानात अण्णांचा वर्गातला आवाज आला. तीही त्यांच्याच वर्गात होती, आणि घरी 'अण्णा' तरी शाळेत 'सर' म्हणावं लागे. "ताळा जुळत नाही ना? मग आधी कंस बघ. शंभरातली नव्वद पोरं तिथेच आपटतात."

कंस एक होता. उणे चिन्ह असलेला कंस.

तिने साफसफाईच्या तक्त्याच्या मागे पेन्सिलीने लिहिलं. पेन्सिलीचा आवाज पडद्यावर लाल रेघ काढत होता, पण तिने बघितलं नाही. समजा तीन गोष्टी आहेत : अ, ब आणि क. उणे कंस, अ अधिक ब अधिक क, कंस पुरा. हा कंस सोडवला की उणे चिन्ह आतल्या प्रत्येकाला लागतं. उणे अ, उणे ब, उणे क. घाईने कंस नुसता पुसून टाकला, तर ते फक्त पहिल्याला चिकटतं. उणे अ, अधिक ब, अधिक क. सातवीतल्या पोराची चूक; कंस आधी न सोडवता शेवटावर ढकलला की होते ती.

आता तिने अ, ब, क यांच्या जागी अण्णांची वाक्यं ठेवली. तिकडेच राहा. मला तुझी गरज नाही. घर तुझ्यावाचून बरं चाललंय. ही तर दारातलीच तीन वाक्यं! तिन्ही दूर लोटणारी, तिन्ही उणे. बाहेर आणखी एक उणे. अण्णांनी यंत्रापुढे उभं राहून, फळ्यासमोर सांगतात तसं सांगितलं असणार : मी दारात बोललो ते सगळं उणे. कंस सुरू. आणि तिन्ही वाक्यं म्हणून कंस पुरा. यंत्र आपल्याच विषयाचं म्हणून मोठ्या विश्वासाने.

उणे गुणिले उणे. तिन्ही मिळून अधिक तीन.

तिकडे राहू नकोस. मला तुझी गरज आहे. तुझ्यावाचून घर बरं चाललेलं नाही.

तिने पेन्सिल खाली ठेवली, अगदी आवाज न करता. मग एक विचार आला आणि तिने भीतभीतच मागचे कोरे संदेश काढले. पहिला कोरा दिवस, श्रावणातला. बोटाने खाली ओढला.

'मूळ पदे ४०. कंस ०. ताळा ०. उरलेली पदे ०. फरक ०.'

चाळीस वाक्यं. अण्णा त्या दिवशी चाळीस वाक्यं बोलले होते.

दुसरा दिवस. मूळ पदे ५२. उरलेली ०. तिसरा. मूळ पदे ३६. उरलेली ०. ती एकेक उघडत गेली. एकतीस दिवस होते. एकाही दिवशी मूळ पदं शून्य नव्हती. आणि एकाही दिवशी कढईची चूक नव्हती. ताळा शून्य, उत्तर शून्य, बरोबर जुळलेलं. 'ये गं' आणि 'नको येऊस, तुझं काम मोठं आहे' हे म्हातारा माणूस समसमान वेळा बोलत राहिला होता, वीसदा हे आणि वीसदा ते. गणिताच्या नियमाने त्यातून काहीच उरत नव्हतं. शून्य पाठवायला शब्द लागत नाहीत. म्हणून पडदा कोरा.

महिनाभर ज्याला ती अबोला समजत होती, ते अण्णांचं घालमेल झालेलं बोलणं होतं.

खाली रडायलासुद्धा आवाज करून चालत नाही. तिने मोजा तोंडाशी धरला; लोकरीच्या आत टाळाचं पितळ गार लागलं.

चार वाजायला दहा मिनिटं होती. पंचवीस शब्द मिळणार होते, आणि जे लिहील ते कढईतूनच जाणार. तिने खूप लिहिलं आणि खोडलं. माफ करा लिहिलं, तर किती वेळा लिहिलं त्याचा आकडा होणार. शेवटी एकमेकांत मिसळणार नाहीत अशी तीनच वाक्यं ठेवली. वेगवेगळी पदं एकत्र करता येत नाहीत, कढईलाही नाहीत.

'अण्णा, इथे कंस शेवटी सोडवतात. मी ताळा घेतला. येते.'

आणि अर्जावर मुदतवाढीपुढे 'नाही'.

शनिवारी चार वाजता उत्तर आलं.

'ये.'

तिने ते खाली ओढलं. मूळ पदे १. उरलेली १. ताळा अधिक १. फरक ०. आटवायला काही ठेवलंच नव्हतं. रविवारी तसंच, 'ये.' सोमवारी 'ये.' सोळा दिवस, रोज एक शब्द.

पाणबुडीने वर यायला साडेतीन तास लागले. जहाजावर पाय ठेवला तेव्हा ऊन इतकं होतं की तिला बराच वेळ डोळे उघडवेनात. कोणीतरी हातात फोन दिला. पलीकडे इम्रान मुकादम होता.

"मॅडम, आधी शिव्या घाला, मग बोलतो."

"घालते. कंस शेवटी कोणी केला?"

"आम्हीच. पावसाळ्यात बोयाला ऊन मिळत नाही. बॅटरी पुरेना. कंस आधी सोडवायचा म्हणजे सगळं बोलणं शेवटपर्यंत धरून ठेवावं लागतं, त्याला वीज जास्त लागते. वरून हुकूम आला, कंस शेवटी घ्या, आणि वीज संपली तर नुसते पुसा. आम्हाला वाटलं, बोलताना कंस वापरतो कोण?"

"माझा बाप वापरतो."

"ते कळलं आता," तो म्हणाला. "मॅडम, गुरुजींनी तुम्हाला सांगितलंय का, ते संदेश कुठून द्यायचे?"

"फोनवरून."

"फोनवर त्यांना ऐकू कुठे येतं? यंत्र म्हणायचं, पुन्हा बोला, आणि ते भलतंच बोलायचे. दुसऱ्या आठवड्यापासून एसटीने यायचे. रोज. देवरुखहून सकाळची गाडी, जेवणाचा डबा घेऊन. इथल्या माइकपुढे उभे राहायचे, बसा म्हटलं तरी नाही. कीर्तनात बसून बोलतात का, म्हणायचे."

सुलक्षणा कठड्याला धरून उभी होती. खाली पाणी निळंभोर होतं आणि त्याच्या तळाशी आता कोणी नव्हतं.

"पहिलं शून्य आलं ना, त्या दिवशी चाळीस मिनिटं बोलले होते," मुकादम सांगत होता. "मला बघवेना. मी म्हटलं, गुरुजी, बोयावर काहीच उरलं नाही, शून्य दाखवतंय, दुसरं काही बोला. त्यांनी माझ्याकडून कागद मागितला. सगळं मांडलं, तपासलं. म्हणाले, गणित बरोबर आहे. जाऊ दे. आणि डबा उचलून स्टँडवर गेले."

दुसऱ्या दिवशी रत्नागिरीहून देवरुखची गाडी तिला दुपारी बाराची मिळाली. गाडीत सगळे एकाच वेळी बोलत होते. कंडक्टर सुट्या पैशांवरून, दोन बायका कोणाच्या तरी लग्नावरून, एक बाळ नुसतंच. तेच तेच, पुन्हा पुन्हा. सुलक्षणा डोळे मिटून ऐकत बसली.

अण्णा दारात होते. जिथे भांडण झालं त्याच उंबऱ्यावर. बारीक झाले होते, सदरा खांद्यावरून उतरत होता.

"ये," ते म्हणाले.

ती वाकली, पायांना हात लावला. त्यांनी डोक्यावर हात ठेवला आणि तो बराच वेळ काढला नाही. पण बोलले नाहीत. पिशवी आत नेताना म्हणाले, "बस." पाणी दिलं, म्हणाले, "घे." एके काळी हा माणूस दारातून आत येईपर्यंत अर्धं आख्यान सांगून मोकळा व्हायचा. पाच महिने यंत्राला पुरेल एवढंच बोलायची सवय झाली होती, आणि शेवटचे सोळा दिवस तर एकच शब्द. कढई समुद्रात राहिली होती, पण तिचं मोजमाप अण्णांबरोबर घरी आलं होतं.

सुलक्षणाने मोज्यातून टाळ काढले आणि देवाच्या खोलीत खुंटीला अडकवले. ते वाजले. कुठेही लाल रेघ उमटली नाही.

"अण्णा," तिने त्यांच्या डाव्या बाजूला येऊन मोठ्याने विचारलं, "हे पिशवीत घातलेत ते भांडणाआधी की नंतर?"

"नंतर," अण्णा म्हणाले. "तू तोंड धुवायला परत आत गेली होतीस."

आणि पुन्हा गप्प.

स्वयंपाकघरात कुळथाचं पिठलं झाकून ठेवलेलं, भाताची वाफ अजून निघत होती. ताटं दोन मांडलेली. दुपारचे दोन वाजून गेले होते.

"अण्णा, जेवलात का?" तिने विचारलं.

ते पाट सरळ करत होते. मान वर केली नाही.

डावाही गेला की काय, या भीतीने तिने जरा जवळ जाऊन विचारलं. "अण्णा, जेवलात का?"

अण्णांनी पाण्याचा तांब्या ताटाजवळ ठेवला.

"जेवलात का, अण्णा?" या वेळी घाईने, आवाज चढवून.

काही नाही. मग ती त्यांच्यासमोर जमिनीवर बसली, त्यांचा पाट सरळ करणारा हात हातात घेतला, आणि अगदी हळू विचारलं, आई विचारायची तसं. "अण्णा, जेवलात का हो?"

अण्णांनी तिच्याकडे पाहिलं. डोळे भरले होते, पण ओठाच्या कोपऱ्यात काहीतरी हलत होतं.

"नाही," ते म्हणाले. "तुझ्यासाठी थांबलोय. आणि ओरडतेस कशाला? पहिल्यांदाच ऐकलं मी."

"मग बोलला का नाहीत?"

"तिसरं जरा घाईत झालं तुझं," अण्णा म्हणाले. "चौथं चांगलं होतं. परत घे."

सुलक्षणाने परत घेतलं.